खेळलेले सामने: शून्य

रेडओरच्या आइस हॉकीच्या रिंकमध्ये माझं कॉफीचं काउंटर आहे, एकेचाळीस वर्षं. समोरच्या भिंतीवर हिरवी फळी आहे. आमच्या गावातून जे मोठ्या लीगमध्ये खेळले त्यांची नावं तिच्यावर पिवळ्या रंगात लिहिलेली: नाव, जागा, सामने, आणि काही मोठं केलं असेल तर तेही. लॉइड माटिला, बचाव, नऊशे बारा सामने, दोनदा कप. ब्रूनो किएसा, आघाडी, एका मोसमात एक्केचाळीस गोल. लोखंडाच्या खाणीचं चार हजार वस्तीचं गाव, आणि लीगमध्ये खेळलेली नऊ नावं. आम्ही मिजास करतो. का करू नये?

ही नावं रंगवली एल्मर नीमेलानं. रिंकचा बर्फ सपाट ठेवणारा, बायलर सांभाळणारा, पोरांच्या स्केटला धार लावून देणारा माणूस. लग्न केलं नाही. शनिवारी सौनातली वाफेची आंघोळ, रविवारी चर्च, रोज तीन वाजता माझ्याकडे कॉफी. झाकण लावलेला कागदी पेला मी त्याच्यापुढे सरकवायची आणि म्हणायची, ''कव्हर काढून पी हो, एल्मर.'' आसपासचे हसायचे. तोही ओठ थोडे हलवायचा. एकेचाळीस वर्षं रोज एकच विनोद केला मी. आता सांगताना लाज वाटते, पण तेव्हा वाटत नव्हती.

तो विनोद काय ते सांगायला हवं.

एल्मर गोलकीपर होता. बाविसाव्या वर्षी पूर्वेकडच्या एका मोठ्या संघानं त्याला बोलावलं, कारण त्यांचा दुसरा गोलकीपर आजारी पडला होता. दुसरा गोलकीपर म्हणजे बाकावर बसणारा. पहिल्याला काही झालं तर उठायचं, नाहीतर पूर्ण सामना बसून राहायचं. एल्मर सतरा सामने बसला. अठराव्याला आम्ही सगळे युनियन हॉलमध्ये रेडिओभोवती होतो. मी सोळा वर्षांची. त्याची आई पहिल्या रांगेत, मांडीवर विणकाम घेऊन. सात-एक असा स्कोर, निकाल ठरलेला, दोन मिनिटं उरलेली, खेळ थांबलेला. निवेदक म्हणाला, ''रेडओरचा तरुण नीमेला उठतोय. कोचनं त्याला पाठवलंय.'' हॉलमध्ये कोणी खुर्चीसुद्धा हलवली नाही. त्याच्या आईच्या सुया थांबल्या.

मग रेडिओवर आधी लोकांचा मोठा हशा आला, आणि त्यामागून निवेदकाचा. बाकावर बसणारे गोलकीपर स्केटच्या पात्याला रबरी कव्हरं घालून बसतात, खालच्या फरशीनं धार जाऊ नये म्हणून. एल्मर कव्हरांसकट बर्फावर उतरला होता. पहिल्याच पावलाला आडवा, आणि खांदा निखळला. पहिला गोलकीपर परत जागेवर गेला, खेळ सुरू झाला, संपला.

युनियन हॉलमध्ये पहिली हसले ती मी. फस्सकन आलं, आवरलंच नाही. मग सगळे हसले. त्याच्या आईनं विणकाम पिशवीत घातलं आणि ती घरी गेली.

त्या खांद्यामुळे त्याला परत मोठ्या लीगमध्ये कोणी बोलावलं नाही. अकरा वर्षं खालच्या लीगमध्ये बसनं गावोगाव फिरला आणि मग परत आला. आला त्या आठवड्यात मीच त्याला 'कव्हर' म्हटलं. गावानं उचललं. पोरांना वाटायचं हे त्याचं आडनावच आहे.

फळीचा नियम साधा होता: लीगच्या वहीत निदान एक सामना हवा. एल्मरनं लीगला पत्र लिहिलं होतं, बर्फावर पाऊल टाकलं तर सामना धरतात का म्हणून. उत्तर आलं, खेळ पुन्हा सुरू होताना बर्फावर असावं लागतं. ते पत्र त्याच्या ब्रशांच्या डब्यात तळाशी घडी करून होतं. झाकण उघडं असताना मी एकदा वाचलं होतं, आणि तरी दुसऱ्या दिवशी तेच म्हटलं, कव्हर काढून पी. फळीवर नवं नाव लिहिताना तो शेवटची एक ओळ नेहमी मोकळी सोडायचा. मी विचारलं तर म्हणायचा, ''जागा असलेली बरी.'' त्याला काय हवंय हे आंधळ्यालाही दिसलं असतं. मी आंधळी नव्हते. मला फक्त काही वाटत नव्हतं.

गेल्या वर्षी आमच्या टेरेसा ब्रॅटुलिचनं ऑलिंपिकमध्ये सोनं आणलं. गोलकीपर. पाच वर्षांची असल्यापासून एल्मरनंच तिला शिकवलं. ती काही पुरुषांच्या लीगमध्ये खेळली नव्हती, पण फळीच्या समितीनं तिच्यासाठी नियम वाकवला. वाकवावाच लागणार होता. समितीचा प्रमुख वेंडेल स्ट्रँड, गावाचा दातांचा डॉक्टर. बैठक माझ्याच काउंटरपाशी होती, कारण तिथं पोटित्सा, आमचा अक्रोडाचा गोड पाव, फुकट मिळतो.

मी म्हटलं, ''नियम वाकवलाच आहे तर एल्मरलाही घे.''

''डोलोरेस, त्याचा एकही सामना नाही.''

''टेरेसाचाही नाही.''

''तिच्या गळ्यात सोनं आहे.''

''आणि गोलमध्ये उभं राहायला ती शिकली कोणाकडून, तुझ्याकडून? तू तर शाळेच्या संघात असताना हॉकीची चकती आली की डोळे मिटायचास.''

वेंडेल लाल झाला. पोटित्साचा तुकडा त्यानं खाली ठेवला. ''बरं. पण सामन्यांच्या रकान्यात शून्य लिहायचं. मी फळीवर खोटं लिहू देणार नाही.''

मला एवढा पुळका का आला असं तुम्ही विचाराल. दया आली वगैरे काही नाही. वेंडेलचं तोंड बंद करायचं होतं, एवढंच.

एल्मरला मीच सांगितलं. तो धार लावायच्या चाकापाशी होता. त्यानं यंत्र बंद केलं, हात पुसले, पुन्हा पुसले.

''शून्य लिहायचंय,'' मी म्हटलं.

''चालेल.'' मग म्हणाला, ''शून्याला हात स्थिर लागतो. बाकी आकडे सोपे.''

मंगळवारी दुपारी रिंक रिकामी होती. तो शिडीवर, मी खाली रंगाचा डबा धरून, कारण त्याचा तो खांदा आता वर जात नाही. आधी टेरेसाचं नाव झालं. मग त्यानं मोकळ्या ओळीत पेन्सिलीनं रेघा आखल्या आणि स्वतःचं नाव लिहायला घेतलं. एकेक अक्षर. मला कंटाळा आला होता, पाय दुखत होते.

वरूनच, माझ्याकडे न बघता तो म्हणाला, ''मला माहीत होतं, डोलोरेस.''

''काय?''

''कव्हरं होती ते. उठलो तेव्हाच पायाला कळलं. रबर वेगळं लागतं.''

मी डबा दुसऱ्या हातात घेतला. ''मग काढली का नाहीस?''

''पॅड बांधून वाकायला वेळ लागतो. दोन्ही पायांची काढायची म्हणजे अर्धं मिनिट. कोच दर सामन्यात एकदा माझ्याकडे बघायचा आणि मग विचार बदलायचा. सतरा वेळा बघितलं होतं मी ते. म्हटलं आधी बर्फावर जाऊ, कव्हरं तिथं काढीन. एकदा बर्फावर गेलेल्याला कोण परत बोलावतो?''

त्यानं ब्रश डब्यात बुडवला, कडेला निथळवला. मी वाट बघत होते, आता काहीतरी होईल, रडू येईल. काही झालं नाही. थंडीत खूप वेळ उभं राहिल्यावर पायाची बोटं आहेत की नाहीत कळत नाही, तसं झालं होतं.

''आईला सांगितलं होतं,'' तो म्हणाला. ''तिला पोरगा विसरभोळा आहे असं वाटायला नको होतं.''

''आम्हाला का नाही सांगितलंस?''

''मी विसरलो म्हणून तुम्ही हसत होतात. ते चालत होतं. मला जायची इतकी घाई झाली होती हे कळून हसला असतात तर मला सोसलं नसतं.''

मग त्यानं शून्य काढलं. एका दमात, गोल, कुठंही न फुगता. बराच वेळ बघत राहिला आणि म्हणाला, ''वाळायला दोन दिवस लागतील.''

शनिवारी दुपारी कार्यक्रम झाला. दोनशे माणसं. टेरेसानं कापड ओढलं, वेंडेलनं नावं वाचली. माटिला, किएसा, सगळ्यांना टाळ्या. टेरेसाला सगळ्यात जास्त. शेवटी वाचलं, ''एल्मर नीमेला, गोलकीपर, खेळलेले सामने शून्य.'' त्यालाही टाळ्या मिळाल्या, चांगल्या मिळाल्या. एल्मर इस्त्रीचा शर्ट घालून माझ्या काउंटरपाशी उभा होता. आणि मागून खाणीतला कोणीतरी, मनात काही वाईट नसलेला माणूस, ओरडला, ''एल्मर, कव्हरं काढलीस ना रे?''

सगळे हसले. हसताना सगळ्यांनी माझ्याकडे बघितलं, कारण वाक्य माझं होतं. एल्मरनंही ओठ हलवले, तेवढेच, रोजच्याइतके.

मी कॉफी ओतली. सवयीनं झाकण दाबून बसवलं. पेला पुढे सरकवला आणि मग परत ओढला. नखानं झाकण काढलं, केराच्या डब्यात टाकलं आणि पेला त्याच्या हातात दिला. लोक अजून हसत होते, आणि मी रोजचं वाक्य म्हणेन याची वाट बघत होते.

एल्मरनं पेल्यात बघितलं. ''सांडेल ना, डोलोरेस.''

''सांडू दे,'' मी म्हटलं.