पंपाची किल्ली
ओल्या टर्फचा रबरी वास आला की आजही माझं डोकं फिरतं. जर्मनीत ब्राउनश्वाइगला पीएचडी करताना मी एका हॉकी क्लबची सभासद होते आणि तिथे प्रत्येक सभासदाला क्लबचं काहीतरी काम करावंच लागायचं. माझ्याकडे पंप होता. सामन्याआधी मैदानावर पाणी मारायचं, कारण कोरड्या टर्फवर पाय अडकतो. त्या मोसमात आमच्याकडे एक ऑस्ट्रेलियन फॉरवर्ड खेळायला आली होती. तिकडे राष्ट्रीय संघाची निवड महिन्यावर आली होती आणि पोरगी नुसती सुसाट पळायची. त्या रविवारी दुपारी दोनला सामना होता. मी पंपाकडे निघाले तर क्लबचे सेक्रेटरी आडवे आले. "तीनपर्यंत रूहेत्साइट आहे, शांततेची वेळ; पंपाचा आवाज चालणार नाही. शेजारी तक्रार करतात." मी म्हटलं, "आणि कुणी पडलं तर?" "आल्झो, हे बघा, नियम म्हणजे नियम." परक्या देशात वाद कशाला, म्हणून मी पंप न लावताच परत फिरले. दहाव्या मिनिटाला ती गोलकडे वळली, पाय जागीच अडकला आणि गुडघा फिरला. तिची किंकाळी शेजाऱ्यांपर्यंत नक्की गेली असणार, तिची मात्र कुणी तक्रार केली नाही. निवड तर गेलीच. स्ट्रेचरवरून तिने मलाच विचारलं, "आज पाणी का नाही मारलंस?" मी सेक्रेटरींकडे बोट दाखवलं. त्या माणसाला मी अजूनही मनातल्या मनात शिव्या घालते. पण ज्या हाताने मी बोट दाखवलं, त्याच हातात पंपाची किल्ली होती.