खंडेनवमीची कोरी ओळ

"मॅडम, एवढी एक ओळ भरून टाकू का? आदल्या दिवशीचाच आकडा टाकतो," दीपक म्हणाला आणि त्याने माझ्याच टेबलावरचं पेन उचललं.

दीपक शहाडजवळच्या एका पेट्रोल पंपाचा मॅनेजर. शेजारी बसलेल्या शैलाताई भोईर या पंपाच्या डीलर. भेसळीचा ठपका ठेवून तेल कंपनीने त्यांचं अॅग्रीमेंट रद्द केलं होतं. बावीस वर्षं चालवलेला पंप एका पत्रात बंद. मी ठाण्याच्या कोर्टात वकिली करते, पण सोसायट्या आणि बिल्डर यांच्या भांडणांत मुरलेली. पेट्रोलशी माझा संबंध स्कूटरपुरता.

शैलाताईंनी शिकवलं. पेट्रोल किती जड आहे ते काचेच्या तरंगत्या नळीने मोजतात. तो हायड्रोमीटर. रोज सकाळी आणि प्रत्येक टँकर आला की मोजायचं आणि रजिस्टरमध्ये लिहायचं. आकडा फार हलला तर भेसळीचा संशय. शेवटचा टँकर खंडेनवमीला आला होता आणि नेमकी त्या दिवसाची ओळ कोरी होती.

"मोजलं का नाही?" मी विचारलं.

"हायड्रोमीटर पूजेत होता ना," शैलाताई म्हणाल्या. "हळदकुंकू लावून ठेवलेला. पूजेतली वस्तू दसरा उजाडेपर्यंत कशी उचलायची?"

"आणि पेट्रोल भरायच्या मशीन?"

"त्यांना नुसता हार घातलेला. गिऱ्हाईक थांबतं काय?"

मी कपाळावर हात मारून घेतला. दसऱ्याला सकाळी पूजा उतरवून नळी हातात घेईपर्यंत कंपनीचे तपासणीवाले साहेब पंपावर हजर, आणि टाकीतलं पेट्रोल नापास. दीपक अजून पेन धरूनच होता.

"ठेव ते," शैलाताई त्याला म्हणाल्या. "भेसळवाली म्हणून लोक बघतात माझ्याकडे. आता खोटारडी पण होऊ?" मला स्वतःची लाज वाटली, कारण दीपकला नाही म्हणायला मी दोन क्षण उशीर केला होता.

मग मी विचारलं, "टँकर रिकामा करायच्या आधी सॅम्पल तरी काढलेलं?"

"काढलं की," शैलाताई म्हणाल्या. "बाटली कुठे पूजेत होती? ड्रायव्हरच्या सहीने सीलबंद आहे. कंपनीला दोनदा लिहिलं, तपासा म्हणून. उत्तर नाही."

"हे आधी नाही सांगायचं?"

"तुम्ही विचारलंच नाही."

असे वाद शेवटी लवादापुढे जातात, म्हणजे दोन्ही पक्षांच्या करारात ठरलेल्या पंचापुढे. तोवर पंप वाचवायला कोर्टाकडून स्थगिती मागता येते. ती सहसा मिळत नाही. करार रद्द करायची मुभा करारातच असते, नुकसान झालं तर भरपाई मागा, असं कोर्ट म्हणतं. हे मी शैलाताईंना सांगितलं. त्या म्हणाल्या, "भरपाईने नाव धुतलं जातं का?"

सुनावणीला कंपनीच्या वकिलांनी एक फोटो पुढे केला. तपासणीच्या दिवशी रजिस्टरच्या पानाचा काढलेला.

"साहेब, मूळ रजिस्टर बघा. ही कोरी ओळ एव्हाना भरलेली असेल."

या फोटोचा आम्हाला पत्ताच नव्हता. मी मागे पाहिलं. दीपकचा चेहरा पांढराफटक पडला होता. न्यायाधीशांनी आम्ही दाखल केलेल्या रजिस्टरचं पान उलटलं, फोटो शेजारी धरला.

"ओळ कोरीच आहे," ते म्हणाले. "का?"

मी पूजेचं सांगितलं. मागच्या बाकांवर कुणीतरी हसलं. न्यायाधीश हसले नाहीत.

"चूक आहे. पण लपवलेली नाही." मग ते कंपनीच्या वकिलांकडे वळले. "टँकरचं सॅम्पल तपासलं?"

वकिलांनी कंपनीच्या अधिकाऱ्याकडे पाहिलं. अधिकारी फाइल चाळत राहिला.

सॅम्पल तपासेपर्यंत करार रद्द करायला स्थगिती, असा आदेश मिळाला. मला तर तिथेच नाचावंसं वाटलं. पुढे लॅबचा रिपोर्ट आला. टँकरच्या सीलबंद बाटलीतही तोच दोष होता, म्हणजे पेट्रोल पंपावर पोचलं तेच खराब. लवादाची वेळच आली नाही. कंपनीने नवं पत्र लिहून करार रद्द केल्याचं पत्र मागे घेतलं, न मोजल्याबद्दल शैलाताईंना लेखी समज दिली आणि विषय संपवला.

शैलाताईंनी दोन्ही पत्रं लॅमिनेट करून हवा भरायच्या जागेशेजारी लावली आहेत, समजेचं पत्रसुद्धा. तिथे माणूस थांबतोच आणि थांबला की वाचतो. पंपावर आता दोन हायड्रोमीटर आहेत.

मी अशिलांना हल्ली एवढंच सांगते, की चूक झाली असेल तर ती आहे तशी घेऊन या. दुरुस्त करून आणलेली चूक मला वाचवता येत नाही.