दाजीची भुतं आणि सावंतांचा प्लॉट

बांधकाम संपलं की कोपऱ्यात अर्ध्या विटांचा ढीग उरतो. तो कोणी रचत नाही, आपोआप साठतो. फेकायला गेलं तर एखादी वीट हातात घेऊन माणूस म्हणतो, राहू दे, चांगली आहे. किश्शांचंही तेच. मी गवंडी. शाळा फार केली नाही, तिच्यावाचून अडलंही नाही. पण अंधेरीतल्या त्या रविवारांचा ढीग डोक्यात तसाच पडून आहे. लिहून टाकतो. पदरचं काही घालणार नाही, त्याची गरजच नाही!

पन्नास सालानंतर अंधेरीत भातशेतं बुजवून कॉलन्या उठायला लागल्या. गिरगाव-दादरहून नोकरदार मंडळी राहायला आली. त्यांनी पहिलं काय केलं तर वाचनालय काढलं. त्याचे सेक्रेटरी नेने. बारीक, चष्मा, हातात कायम छत्री.

नेन्यांची मोलकरीण दुपारी बारा वाजता एका वडाखालून जायला तयार होईना. "तिथे राखणदार आहे," म्हणाली. नेन्यांनी चौकशी केली तेव्हा त्यांना दाजी सापडला.

दाजी माझा दोस्त. कणकवलीकडचा. गिरणीत जॉबर, म्हणजे मुकादम होता, ती नोकरी सुटल्यावर त्या वडाखाली पत्र्याची खोली घालून एकटाच राहिला. राखणदार म्हणजे जागेची राखण करणारा देव. वडाच्या बुंध्याशी त्याचा शेंदूर फासलेला दगड होता. दाजी तिथे रोज झाडायचा, दिवा लावायचा. परिसरातलं प्रत्येक भूत, मुंजा, देवचार, हडळ, त्याला नावानिशी ठाऊक. निदान तो तसं सांगायचा.

नेने म्हणाले, "दाजी, आमच्या मेंबरांना ही सगळी ठिकाणं पायी फिरवून दाखवाल का? दर रविवारी सकाळी?"

"सकाळी भुतां निजतत, सेक्रेटरीनू."

"अहो, मेंबर रात्री झोपतात त्याचं काय?"

दाजीने विचार केला. "बरा. मी भुतांक सांगतंय."

भुतांनी वेळ बदलली!

*

फेरीचा नियम एकच. चालताना मागे वळून बघायचं नाही. बघितलं की मागचं अंगावर येतं. पुढे दाजी, मधे मेंबर, शेवटी मी. माझ्या मागे कोण आहे याची मला कधी फिकीर वाटली नाही.

एका रविवारी माझं प्लास्टरचं काम होतं, गेलो नाही. वाटेत भज्यांचा घाणा लागला. ताजी भजी निघत होती. शेवटचा मेंबर थांबला, त्याच्या पुढचा थांबला. असे एकेक करून सगळे थांबले. दाजीला काय कळणार? नियम त्याचाच! तो तसाच तळ्यापर्यंत गेला आणि तळ्यातल्या हडळीची पूर्ण कहाणी सांगितली. तिचं लग्न, तिचा छळ, तिने घेतलेली उडी, सगळं. मागून मधूनमधून हुंकार येत होता, म्हणून दाजीला जास्तच चढलं.

कहाणी संपवून वळला, तर मागे गवळ्याची म्हैस!

संध्याकाळी मला म्हणाला, "काय सांगू तुका, एवढो शांत मेंबर अजून मेळाक नव्हतो."

*

जोगेश्वरीच्या गुंफांच्या वाटेवर एक पिंपळ होता. त्यावर मुंजा. मुंज झालेला, लग्नाआधी गेलेला ब्राह्मणाचा मुलगा. दाजी हे सांगताना आवाज खाली न्यायचा. बायका पदर घट्ट करायच्या.

नेन्यांच्या आई, त्यांना सगळे काकू म्हणत, त्या पुढे आल्या. पिंपळाकडे नीट बघितलं.

"गोत्र काय त्याचं?"

दाजीही पिंपळाकडे बघायला लागला. त्याला असं कोणी विचारलं नव्हतं.

"नाही म्हणजे, गेला त्याला वर्षं झाली म्हणता. आता वयात आला असेल. आमच्या बहिणीकडे एक अशीच गेलेली आहे, बिचारी. दोघांचं जुळलं तर दोन्ही घरं सुटतील."

"आई!" नेने ओरडले.

"तू गप रे. लग्नाच्या गोष्टीत पुरुषांनी पडू नये."

दाजी पुढच्या रविवारपर्यंत अस्वस्थ होता. मग फेरीत पिंपळ आल्यावर त्याने स्वतःच काकूंना हाक मारली. "काकीनू, इचारलंय तेका. नको म्हणता. म्हणता, एकटो आसंय तोच बरो आसंय."

काकू म्हणाल्या, "सगळे मुलगे आधी असंच म्हणतात!"

*

सावंतांचं आता सांगितलं पाहिजे.

वडाचा तो प्लॉट एका कंत्राटदाराने घेतला. सावंत. मूळचे आमच्या कोकणातलेच. बाप अनवाणी मुंबईत आला. पण मुलाने कोट, हॅट, चिरूट असं सगळं जमवलं होतं. मजुरांशी हिंदी, आमच्याशी शुद्ध मराठी आणि रागावले की इंग्रजी. मालवणी तोंडातून चुकूनही नाही. त्यांना तिथे चाळ बांधायची होती. दाजीची खोली आणि राखणदाराचा दगड बरोबर पायाच्या रेषेत येत होते.

दाजीला गावी भावांनी घरात जागा ठेवली नव्हती. मुंबईत त्याचं कोणी नव्हतं. वडाखालून उठला तर कुठे बसणार, हे त्यालाही माहीत नव्हतं आणि मलाही.

पाया खणायचं काम सावंतांनी मला दिलं. मी घेतलं. काम ते काम. दाजीला ते दुसऱ्या कोणाकडून कळू नये म्हणून मीच जाऊन सांगितलं.

तो दिव्याची वात वळत होता. म्हणाला, "बरा झाला. दुसऱ्यान पायो वाकडो खणलो असतो."

मग त्याने मला चहा दिला. मी प्यालो. पण त्या दिवसापासून ओळंबा हातात धरला की तो वड डोळ्यांपुढे यायचा.

*

पास्कू म्हणून वाडीवाला होता, जुना किरिस्ताव. त्याच्या वाडीत पडकी विहीर. दाजी सांगायचा, तीत देवचार आहे, काठावर जाऊ नका. लोक लांबून नमस्कार करायचे.

एकदा वारा आमच्याकडे होता. नेन्यांनी नाक वर केलं.

"दाजी, भुताला वास येतो हो! चक्क दारूचा!"

सगळ्यांनी हुंगलं. येत होता. आणि तेव्हा दारूबंदी कडक. हातभट्टीवाल्याला पोलीस फरफटत न्यायचे. पास्कू झाडामागे उभा होता, त्याचा चेहरा पांढरा पडला.

दाजी शांत. "येतलोच. बंदी माणसांक, सेक्रेटरीनू. भुताक खंयचो कायदो?"

नेन्यांना पटलं. पास्कूच्या जिवात जीव आला.

पुढच्या रविवारी दोन मेंबर बायकांना न घेता, सगळ्यांच्या आधी विहिरीवर हजर. म्हणे, विहिरीचा अभ्यास राहिला आहे! ते मागाहून फेरीत सामील झाले. मागे वळून न बघण्याचा नियम दोघांनी कसोशीने पाळला. सरळ चालणं मात्र जमलं नाही!

*

एक रिटायर हेडक्लार्क दाजीकडे आले. इकडेतिकडे बघत म्हणाले, "आमच्या घरात एखादं बसवाल का?"

"काय?"

"भूत हो. फेरीत आमचं घर घ्या. आम्ही अंधेरीला आल्यापासून सासुरवाडीचे लोक हवापालट म्हणून येतात आणि जातच नाहीत. भूत आहे म्हटलं तर फिरकणार नाहीत."

दाजी म्हणाला, "नवीन बसवूक माका येणा नाय. जुना एक हलवून बघतंय."

तळ्यावरची हडळ हलवली. दोन रविवार त्यांच्या फाटकाशी उभं राहून दाजीने तीच कहाणी सांगितली. खिडकीतून हेडक्लार्क खुशीत मान हलवत होते.

तिसऱ्या रविवारी बघतो तर घरात उभं राहायला जागा नाही. मेहुणे, मेहुण्या, त्यांची पोरं. सगळे हडळ बघायला मुक्कामाला आलेले!

हेडक्लार्क फाटकाशी येऊन कुजबुजले, "दाजी, तळ्यावर परत न्या हो तिला!"

दाजी म्हणाला, "ती तयार आसा. पण म्हणता, पाव्हणे सोडूक नायत."

*

सावंत एकदा फेरीला आले. प्लॉटवर गर्दी का जमते ते बघायला. सगळ्या वाटेत, "व्हॉट नॉन्सेन्स! शिकलेली माणसं तुम्ही!" असं चाललेलं.

तिकाटण्यावर, म्हणजे तीन वाटा मिळतात तिथे, कोणीतरी उतारा टाकला होता. भात, लिंबू, कुंकू. नेने ओलांडून गेले. काकू ओलांडून गेल्या. सावंत थबकले आणि शेतात उतरून लांबचा वळसा घालून आले. गुडघ्यापर्यंत चिखल.

"सायबानू, सरळ येवचा मां," दाजी म्हणाला.

"शूज खराब झाले असते!" सावंत म्हणाले.

आम्ही सगळ्यांनी त्यांच्या शूजकडे बघितलं.

वडाखाली आल्यावर मात्र त्यांनी दाजीला सगळ्यांदेखत सांगितलं, "पुढच्या रविवारी मुहूर्त आहे. त्याआधी खोली खाली पाहिजे."

*

मुहूर्ताला मी मजूर घेऊन गेलो. सगळे कोकणातले. दाजीने खोली रिकामी केली होती. ट्रंक आणि वळकटी बाहेर, वर तो बसलेला. नेने, काकू आणि मेंबरही आले होते. फेरी रद्द झाल्याचं त्यांना कोणी सांगितलं नव्हतं. किंवा सांगूनही ते आले असतील.

मी दोरी लावली. पण एकही मजूर पहार उचलेना.

"राखणदाराक सांगल्याबिगर हात लावूचो नाय."

सावंत घड्याळ बघून ओरडले, "नारियल फोडो और चालू करो!"

सगळ्यांत म्हातारा मजूर म्हणाला, "नुसतो फोडून चलना नाय, सायबानू. गाऱ्हाणा व्हया. आणि ता ह्या जाग्यात ऱ्हवता तेनाच घालूचा."

गाऱ्हाणं म्हणजे जाणत्याने नारळ हातात घेऊन सगळ्यांच्या वतीने देवाशी मोठ्याने बोलायचं. प्रत्येक वाक्याला बाकीच्यांनी "व्हय म्हाराजा" म्हणायचं. एकदा देवासमोर "व्हय" म्हटलं की ते मागे घेता येत नाही. नारळ फुटला की गाऱ्हाणं संपलं.

त्या जागेत राहणारा एकच होता. तो वळकटीवर बसला होता.

मुहूर्त सरत चालला. शेवटी सावंत स्वतः गेले. हॅट काढली. "दाजी, जरा प्लीज."

दाजी उठला. पाय धुतले. दगडासमोर उभा राहून नारळ दोन्ही हातांत धरला. डोळे मिटले. आम्ही सगळ्यांनी हात जोडले.

"बा देवा म्हाराजा! हयल्या राखणदारा! आज ही सगळी लेकरां तुझ्या पायाकडे इलेली आसत."

"व्हय म्हाराजा!" सावंत गप्प होते.

"सावंताच्या झिलान हय चाळ बांधूचा मनात आणल्यान हा."

"व्हय म्हाराजा!" सावंतांचे हात जुळले.

"तेच्या भिंतीक तडो जावचो नाय."

"व्हय म्हाराजा!" सावंतांचे ओठ हलले.

"तेच्या कामात इघ्न येवचा नाय. तेच्या घराक बरकत येवची."

"व्हय म्हाराजा!" आता सावंतांचा आवाज सगळ्यांत मोठा. डोळे घट्ट मिटलेले.

"आणि बा म्हाराजा, तुझो दगड हयच ऱ्हवतलो."

"व्हय म्हाराजा!"

"आणि तुझो दिवो लावणारो दाजी चाळीतल्या पयल्या खोलयेत मरासर ऱ्हवतलो!"

"व्हय म्हाराजा!"

सगळे म्हणाले. मजूर म्हणाले, मी म्हणालो, नेने म्हणाले. काकू तर दोनदा म्हणाल्या. आणि सगळ्यांच्या वर सावंतांचा आवाज.

मग सावंतांनी डोळे उघडले. दाजीचे अजून मिटलेलेच होते.

"आणि बा म्हाराजा," दाजीने श्वास घेतला, "त्या खोलयेच्या दाराकडे पाण्याचो नळ—"

सावंत झेपावले. दाजीच्या हातातला नारळ हिसकावला आणि दगडावर आपटून फोडला. पाणी त्यांच्या कोटावर उडालं.

"जाला! जाला! गाऱ्हाणा संपला!" सावंत ओरडले.

"व्हय म्हाराजा," दाजी म्हणाला.