पहिला नंबर कुणाचा

बिलोलीत आमच्या शेजारी बसवंतमामा एकटेच राहतात. सगळा जन्म पिठाच्या गिरणीच्या आवाजात गेला, त्यामुळे बोलतात ते ओरडूनच. फोनही स्पीकरवर. आमच्यापासून काही लपत नाही आणि मामांची त्याला हरकतही नसावी. घरात ऐकणारं दुसरं आहे तरी कोण?

मामांना नाद एकच, एका गोऱ्या गुप्तहेराच्या पिक्चरांचा. तरुणपणी ते आणि त्यांचे दोस्त हणमंतराव व्हिडिओ हॉलात जाऊन ते बघायचे. इंग्रजी दोघांनाही ओ की ठो कळत नव्हतं, म्हणून पिक्चरांना नावं यांनीच ठेवली. उंटाचा, बर्फाचा, जावयाचा. जावयाचा म्हणजे ज्यात बदमाश शेवटी हिरोचा सासरा निघतो तो. निदान यांची तशी समजूत!

आणि एक मेलेल्याचा. पिक्चर दोन कॅसेटींचा, हॉलवाल्यानं दुसरी आधी लावली. बदमाश इंटरवलला दरीत पडून मेला आणि नंतर मजेत चहा पीत बसलेला दिसला. हणमंतराव खूश. मेलेला माणूस परत आणायचा म्हणजे काय चेष्टा आहे? पहिला नंबर याचाच! पुढे मामांनी तो टीव्हीवर बघितला आणि कॅसेटची भानगड पकडली. हणमंतराव ऐकतात होय! म्हणाले, टीव्हीवाल्यांनी उलटा लावला.

या नंबरावरून दोघं म्हातारे होईपर्यंत भांडले. "बश्या, तुला अक्कल न्हाई," आणि "हणम्या, तुझ्या डोक्यात भुसा हाय," याशिवाय त्यांचा चहा संपत नसे.

दिवाळीनंतर हणमंतरावांना त्यांची मुलगी शिल्पा लातूरला घेऊन गेली. गुडघ्यांसाठी नेलं, एवढंच मामांना ठाऊक. आधी त्यानं फोन करावा म्हणून हे रुसून बसले. दिवसभर ओट्यावर बसायचे, येणाऱ्याजाणाऱ्याला हटकायचे. माणूस किती एकटा पडतो, ते बघवत नव्हतं.

परवा त्या गुप्तहेराचा नवा पिक्चर त्यांनी मोबाईलवर बघितला आणि रुसवा विसरले. नंबर लावायचा तर तो खोडून काढणारा पाहिजे. लगेच फोन लावला.

"हणम्या, नवा आलाय बघ. मी त्याला पहिला नंबर देऊन राहिलो. तुझा मेलेल्याचा एकदम खाली! बोल आता!"

"हाव," पलीकडून हणमंतरावांचा मऊ आवाज आला. "बरोबर हाय तुमचं."

"तुमचं? हणम्या, मी बश्या बोलून राहिलो. भांड की लेका!"

"न्हाई न्हाई. तुमी म्हणाल तसं."

मग शिल्पानं फोन घेतला.

"काका, वाईट वाटून घेऊ नका. बाबा आता सगळ्यांनाच तुमी म्हणतात," ती म्हणाली. "मलाबी."