घरगुती रसायनशास्त्र, भाग सातवा

माझी आत्या चोवीस वर्षं पुस्तकं घेऊन दारोदार हिंडली. शिंप्याच्या दुकानाच्या वर एक वाचनालय होतं. तिथून दोन खाकी पिशव्या भरून ती निघायची आणि कारखान्याच्या वसाहतीतल्या इमारतीचे तिन्ही मजले चढून-उतरून दुपारी परत यायची. सुट्टीत मीही सोबत जायचे. पिशव्यांना डिंकाचा आणि जुन्या कागदाचा वास असायचा. तसा वास आजही कुठे आला की मी आपोआप जिना शोधायला लागते.

वाचनालय लहान होतं. चरित्रं, विज्ञान आणि प्रेमकथा, एवढीच काय ती कपाटं. आत्या स्वतः फक्त चरित्रं वाचायची. थोरामोठ्यांपैकी कोण पहाटे किती वाजता उठायचं हे तिला तोंडपाठ होतं, आणि सकाळी मला उठवताना ती त्या ज्ञानाचा पुरेपूर वापर करायची. प्रेमकथांच्या वाटेला ती जात नसे. लग्न तिने केलं नव्हतं. कोणी विचारलंच तर म्हणायची, "राहून गेलं."

दुसऱ्या मजल्यावर फोरमनसाहेब राहायचे. लेथवर तीस वर्षं काढलेला माणूस, बोलणंही मोजूनमापून. पहिल्याच दिवशी त्यांनी आत्याला दारात उभं करून बजावलं होतं, "बाई, या घरात विज्ञान येईल. प्रेमकथा नकोत. त्याने डोकं सडतं."

त्यांच्या मागे त्यांच्या पत्नी, काकू, उभ्या होत्या. आत्या जिना उतरायला लागली तेव्हा कचऱ्याची बादली घेऊन त्या मागोमाग आल्या आणि हळूच म्हणाल्या, "एखादी चांगलीशी द्याल का हो? शेवट गोड असलेली."

आत्याला नाही म्हणवेना. पुस्तकं मळू नयेत म्हणून वाचनालयात सगळ्यांनाच खाकी कव्हर घालत आणि त्यावर शाईने नाव लिहीत. आत्याने एका प्रेमकथेला कव्हर घातलं आणि वर सुवाच्य अक्षरात लिहिलं, 'घरगुती रसायनशास्त्र, भाग पहिला.'

मग दुसरा, तिसरा असे भाग येत गेले. काकू ती पुस्तकं उघडउघड टेबलावर ठेवायच्या. कामं उरकली की खिडकीशी बसून वाचायच्या. फोरमनसाहेब कारखान्यात अभिमानाने सांगायचे, "आमची ही रसायनशास्त्र वाचते. दुसऱ्याच्या पुस्तकाला हात लावू नये म्हणून मी कधी उघडून पाहिलं नाही, पण चेहऱ्यावरून कळतं, चांगलंच डोक्यात शिरतंय." हे कानावर आलं की आत्याला हसू यायचं, आणि पुढचं कव्हर ती जरा जास्तच घट्ट चिकटवायची.

सातव्या भागाच्या वेळी काकूंचे डोळे अधू झाले. काचबिंदू निघाला. कडेकडेने दिसेनासं होत गेलं आणि अक्षरं तर पार पुसट झाली. पुस्तक तसंच टेबलावर पडून राहिलं. एका रविवारी फोरमनसाहेबांना बायकोची दया आली. ते म्हणाले, "अर्धंच राहिलंय ना तुझं? आण, मी वाचून दाखवतो."

काकू नको नको म्हणेपर्यंत त्यांनी खूण घातलेलं पान उघडलं होतं. त्या पानावर एक तरुण डॉक्टर बागेत गुडघ्यावर बसून कोणाची तरी क्षमा मागत होता.

सोमवारी सकाळी फोरमनसाहेब वाचनालयात आले. मी टेबलाखाली बसून फाटकी पानं चिकटवत होते, ती तिथेच राहिले. त्यांनी पुस्तक आत्यापुढे ठेवलं.

"हे अक्षर तुमचं?"

"माझं," आत्या म्हणाली.

"सात पुस्तकं?"

"सात. काकूंना बोल लावू नका. कल्पना माझी."

"बोल नाही लावत." त्यांनी कव्हरवरच्या नावावरून बोट फिरवलं. "अख्ख्या मशीनशॉपमध्ये सांगत फिरलो मी. लोक उद्या तोंडावर हसतील. पण ते सोडा. दोन वर्षं ती माझ्यासमोर बसून वाचत होती, आणि काय वाचते हे मला सांगायची तिला सोय नव्हती. उद्यापासून आमच्याकडे येऊ नका."

आत्याने मान खाली घातली. त्या दिवशी ती जेवली नाही. पुढे प्रत्येक फेरीत दुसऱ्या मजल्यावर तिची पावलं मंदावायची. बंद दारासमोरून जाताना ती पिशवी छातीशी धरायची. मी एकदा म्हटलं, "आत्या, बेल वाजवून माफी माग ना." ती म्हणाली, "मागेन गं. आधी त्यांचा राग त्यांना पुरता करू दे."

तीन महिने गेले. मग एका मंगळवारी आम्ही जिना चढत होतो, तर दार उघडंच होतं. फोरमनसाहेब उंबऱ्यात उभे होते.

"बाई, तुम्ही ते पुस्तक परत घेतलंत."

"हो. तुम्हीच आणून दिलंत."

"त्या डॉक्टरचं पुढे काय झालं?"

आत्या गोंधळली. "मी नाही हो वाचलं. मी चरित्रं वाचते."

"हिने झोप उडवलीय माझी. रोज विचारते. मी म्हटलं, झालं असेल लग्न. तर म्हणते, असेल नको, नक्की सांगा." त्यांनी घसा खाकरला. "ते आणा. आणि नवीन काय असेल तेही आणा. विज्ञानाचंही एक असू द्या, मलाही काहीतरी हवं."

आतून काकूंचा आवाज आला, "मोठ्या अक्षरातलं आणा हो, यांनाही चष्मा लागलाय."

तेव्हापासून दर मंगळवारी त्यांच्याकडे दहा मिनिटं बसणं ठरूनच गेलं. चहा फोरमनसाहेब करायचे, तोही साखर सपाट चमच्याने मोजून. वाचताना ते मध्येच थांबून हरकत घ्यायचे. नायिका चार पानं अखंड रडली की म्हणायचे, "एवढं पाणी शरीरातून गेलं तर माणूस उभा राहत नाही." काकू म्हणायच्या, "तुम्ही पुढे वाचा, ती राहील उभी." आत्याही हळूहळू त्या गोष्टींत गुंतत गेली. शेवट कळल्याशिवाय तिचा पाय निघेना. पुढच्या घरचे लोक खोळंबायचे.

एकदा काकूंनी तिला सरळ विचारलं, "तुझं खरंच राहून गेलं, की कोणी होतं?"

फोरमनसाहेबांनी पुस्तक मिटलं आणि उगाच स्वयंपाकघरात गेले. आत्या म्हणाली, "होता. बदली होऊन गेला. पत्र पाठवीन म्हणाला." काकूंनी चाचपत तिचा हात शोधला आणि धरून ठेवला. घरच्या कोणाला हे माहीत नव्हतं. मीही ते पुढे कित्येक वर्षं पोटात ठेवलं.

वाचनालय बंद झालं त्याला आता बराच काळ लोटला. पुस्तकं वाचकांनाच वाटून टाकली. चरित्रं आत्याबरोबर आमच्या घरी आली, ती मी अजून जपली आहेत. फोरमनसाहेब आणि काकू एका वर्षाच्या अंतराने गेले.

आत्या आता ऐंशीची आहे. संध्याकाळी मी तिला प्रेमकथा वाचून दाखवते. वाचता वाचता दोघांची भेट होण्याचं पान आलं की ती मला थांबवते. "फोरमनसाहेब इथे भरभर वाचायचे," ती सांगते, "मशीनचं माहितीपत्रक वाचावं तसं. मान पुस्तकात, कान लाल. आणि काकू म्हणायच्या, पुन्हा वाचा. हळू."

मग मी ते पान पुन्हा वाचते.