फाटकावरचे मावसाजी

माझ्या मावसाजींनी उभ्या आयुष्यात कधी कुठल्या कामाला हात लावला नाही, आणि त्यांच्यावाचून आमच्या नात्यागोत्यातलं एकही कार्य पार पडलं नाही. दोन्ही गोष्टी तंतोतंत खऱ्या आहेत. माझ्या मावशीचे हे यजमान अकोल्यात अग्निशमन दलात अधिकारी होते. आग लागली की बंबावरची माणसं पाइप ओढत आत धावायची आणि हे बाहेर, सगळं दिसेल अशा जागी, हात पाठीमागे बांधून उभे राहायचे. शिडी कोणी लावायची, पाणी कुठून मारायचं, अॅम्ब्युलन्स गल्लीच्या कुठल्या तोंडाशी थांबवायची, हे सगळं तिथूनच ठरायचं. निवृत्त झाल्यावर खाकी कपडे पेटीत गेले, पण हात काही पाठीमागून पुढे आले नाहीत.

भातकुलीला माझ्या मामेबहिणीचं लग्न होतं. पाहुण्यांना चहा मिळायच्या आत मावसाजींनी मांडवाच्या दाराशी उभं राहून कामं वाटून टाकली होती. पाणी एकाकडे, वाढप दुसऱ्याकडे, आहेर तिसऱ्याकडे आणि नवरदेव माझ्याकडे. नवरदेव पान खायला रस्त्यापलीकडे गेला, तर लगेच हाक आली, "नवरदेव कोनाच्या ताब्यात हाये?" मी धापा टाकत त्याला परत आणला. तिकडे आचाऱ्याला मामा एक सांगत होता आणि मामी भलतंच. मावसाजींनी मामाला हळूच खुर्चीवर बसवलं आणि म्हणाले, "जिथं दोन साहेब, तिथं आगच साहेब. भाजी वहिनीच्या ताब्यात. तुमी आता पाहुने." स्वतःच्याच पोरीच्या लग्नात पाहुणा झालेला मामा अजूनही ही गोष्ट हसून सांगतो. घरीही तोच कारभार. एकदा कढईतल्या तेलानं पेट घेतला, तर हे स्वयंपाकघराच्या दारातून गरजले, "तेल कोनाच्या ताब्यात हाये?" मावशीनं गॅस बंद केला, कढईवर झाकण टाकलं आणि म्हणाली, "माह्या. लगन झालं तवापासून."

मावशीची तक्रार एवढीच होती की हा माणूस कधी जवळ नसतो. "माह्या बाळंतपनात मी आत कन्हून राहिली होती, अन् हे दवाखान्याच्या फाटकावर रिक्शे हटवून राहिले होते," असं ती ज्याला त्याला सांगायची. सगळे हसायचे, तीही हसायची. मी एकदा मावसाजींना विचारलंच, की एखाद्या कामाला हात लावला तर काय बिघडतं? ते म्हणाले, "नवा होतो तवा एका जिनिंग कारखान्यात कापसाच्या गंजीले आग लागली. मले राहावलं नाही, मीच पाइप धरला. पाइप हातात घेतला का मानूस समोरची आगच पायते. मागची भित कलून राहिली होती, ते पाहाले कोनीच नोतं. माह्या एका जवानाचा पाय गेला." त्यानंतर त्यांनी पाइप हातात धरला नाही, आणि मला वाटतं, दुसरंही काही धरलं नाही.

मग मावशीलाच हृदयाचं दुखणं लागलं. गेल्या वर्षी एका दुपारी तिला धाप लागली. त्यांचं घर जुन्या शहरात, गल्ली एवढी अरुंद की दोन सायकली समोरासमोर आल्या तर एकीनं घरात शिरावं. पण गल्लीच्या तोंडाशी अॅम्ब्युलन्स येईपर्यंत मावसाजींनी साऱ्या गाड्या हलवल्या होत्या, कोपऱ्याकोपऱ्यावर माणूस उभा केला होता, भाजीवाल्याची हातगाडीसुद्धा कोणाच्या तरी अंगणात नेऊन ठेवली होती. स्ट्रेचर बाहेर आलं तेव्हा मावशीनं हात पुढे केला. "तुमी बसा न जी गाडीत."

"आपली पोरगी बसते न तुह्याजवळ," मावसाजी म्हणाले. "मी पुढं राहून रस्ता मोकळा करतो."

शेजाऱ्याच्या मोटरसायकलवर मागे बसून, हातानं वाहनं बाजूला सारत, ते मोर्णा नदीच्या पुलावरून थेट दवाखान्यापर्यंत गेले. गाडी कुठेही थांबली नाही. फाटकावर उभं राहून त्यांनी ती आत घेतली, तेव्हा मावशी वाटेतच गेलेली होती.

तेरवीला ते येणाऱ्या प्रत्येकाला एकच सांगत होते, "गाडी एकाबी जागी अटकली नाही." लोक मान हलवायचे आणि पुढे जायचे. माझ्याशी बोलताना मात्र ते मध्येच थांबले. "रस्ता तं कोनीबी मोकळा केला असता रे," म्हणाले.

यंदा उन्हाळ्यात ते अमरावतीला आमच्याकडे आले होते. ते असतानाच आई, म्हणजे मावशीची थोरली बहीण, न्हाणीत घसरून पडली. अॅम्ब्युलन्स बोलावली, शेजारीपाजारी जमले, आणि सवयीनं सगळ्यांनी मावसाजींकडे पाहिलं. मावसाजी आत गेले, आईशेजारी ओल्या फरशीवर बसले आणि त्यांनी तिचा हात धरला.

"मावसाजी, अन् फाटकावर?" मी विचारलं.

"फाटक तुह्या ताब्यात," ते मान वर न करता म्हणाले.

माझ्या ताब्यातल्या फाटकाची व्हायची तीच गत झाली. समोरच्यांची स्कूटर आडवी, गाडी मागे घेता येईना, आणि तीन शहाणे तीन दिशांना हात दाखवत होते. हा गोंधळ आत ऐकू जात असणारच. मावसाजी उठले नाहीत. नंतर गाडीत मात्र ते माझ्याआधी चढले.

आईचं हाड आता जुळलंय, काठी घेऊन ती घरभर हिंडते. त्या दिवसाची गोष्ट निघाली की सांगते, "गाडी कितीकडाव अटकली, पन जवाईबापूनं एकडावबी बाहेर पाह्यलं नाही. हात असा घट्ट धरला होता का माही बोटं दुखाले लागली. अन् मंधातच मले तुह्या मावशीच्या नावानं हाक मारली."

"मग तू काय म्हणालीस?"

"काय म्हनन बापा," आई म्हणते. "मी ओ देल्ली."