चिन्ह का बदलतं?

गल्लीत त्यांचं खरं नाव कुणाला आठवत नसे. सगळे त्यांना क्ष-सर म्हणत. शाळेतून निवृत्त झाल्यावरही घराच्या बाहेरच्या खोलीत त्यांची शिकवणी चालायची. सतरंजीवर पोरं मांडीला मांडी लावून बसायची आणि भिंतीवरच्या फळ्यावर क्षची किंमत निघायची. "सरांकडे क्षला किंमत आहे, क्षमेला नाही," असं पोरं म्हणायची, पण ते उगाच. परक्याच्या पोराला सरांनी कधी बोट लावलं नाही. पुन्हा विचारलं तर पुन्हा सांगत, तेही हसून.

पोटच्या मुलाचं मात्र तसं नव्हतं. गणिताच्या सरांचा मुलगा आणि गणितात ढ, हे त्यांच्या जिव्हारी लागलं होतं. एकदा मुलानं विचारलं, "बाबा, आकडा बरोबरच्या चिन्हापलीकडे गेला की अधिकचा उणे का होतो?"

"होतो म्हणजे होतो! नियम आहे तो," सर कडाडले आणि एक थोबाडीत ठेवून दिली.

मुलानं परत काही विचारलं नाही. दहावीला गणितात गटांगळी खाल्ली, शाळा सोडली आणि पुढे दुधाच्या गाडीवर ड्रायव्हर झाला. बापलेकांचं बोलणं "जेवलास का" आणि "हो" एवढ्यावर आलं. आई होती तोवर इकडचे निरोप तिकडे पोचवायची. ती गेली आणि तेही थांबलं.

मग घरात सून आली. हॉस्पिटलच्या धुलाईखान्यात रोजंदारीवर काम करणारी, तोंडाची टकळी सतत चालू असणारी. घराला जरा जाग आली. पण संसार मांडून होतो न होतो तोच, एका पहाटे धुक्यात दुधाची गाडी पुलाच्या कठड्यावर आदळली आणि मुलगा जागीच गेला.

सरांनी शिकवणी बंद केली. काचबिंदू आधीच बळावला होता, हळूहळू फळाही दिसेनासा झाला. लोक सुनेला म्हणाले, "अजून तरुण आहेस, माहेरी जा." ती गेली नाही. "चहाचा कप कुठे ठेवलाय, हे बाबांना सांगायला तरी कुणी हवं ना?" एवढंच म्हणाली.

धुलाईखान्यात कायम व्हायचं तर दहावी पास हवी होती आणि तिचं नेमकं गणित राहिलं होतं. एका सुट्टीच्या दिवशी ती पुस्तक घेऊन सरांपुढे बसली.

"मला दिसत नाही गं," सर म्हणाले.

"मी वाचते, तुम्ही सांगा. एका संख्येच्या तिपटीत सात मिळवले तर बावीस होतात. ती संख्या कोणती?"

"माहीत नाही म्हणून तिला क्ष म्हण. तीन क्ष अधिक सात बरोबर बावीस. आता सात पलीकडे ने."

"नेले. उणे झाले ना? पण का हो बाबा? पलीकडे गेल्यावर असं काय होतं त्यांना?"

सरांनी तिच्या आवाजाच्या दिशेनं तोंड वळवलं. मग ते हळू आवाजात म्हणाले, "पलीकडे काही जात नाही, पोरी. तराजू समज. दोन्ही पारडी सारखी आहेत. एकातून सात उचलले तर दुसऱ्यातूनही सातच उचलायचे, नाहीतर तोल जाईल. बावीसमधून सात गेले..."

"पंधरा! म्हणजे तीन क्ष पंधरा. तिघांत वाटले की एक क्ष पाच." तिला हसू फुटलं. "एवढंच होतं होय? हे ह्यांना कुणी सांगितलं असतं तर..." तिनं जीभ चावली.

"त्यानं हेच विचारलं होतं," सर म्हणाले. "मी मारलं त्याला."

त्यांना बरं वाटेल म्हणून ती म्हणाली, "ते दाराआड उभे राहून तुमची शिकवणी ऐकायचे, बाबा. मला सांगायचे, बाबा दुसऱ्यांच्या मुलांना काय गोड शिकवतात!"

सर खुर्चीची पाठ चाचपत उठले, मोरीत गेले आणि नळ सोडला. नळ कितीतरी वेळ वाहत राहिला. ती पुस्तक मांडीवर घेऊन तशीच बसून होती.

दुसऱ्या दिवसापासून ती कामावरून आली, की सर स्वतःच म्हणू लागले, "पुस्तक आण." ती वाचायची, ते सांगायचे. एकच गोष्ट तिनं पुनःपुन्हा विचारली, तरी त्यांचा आवाज चढला नाही. काठावर का होईना, ती पास झाली आणि कायमही झाली. हॉस्पिटलच्या आवारात राहायला एक खोली मिळाली. "सासऱ्याचं लोढणं कशाला गळ्यात?" असं म्हणणारे होतेच, पण ती त्यांना घेऊनच गेली.

तिथे ते दिवसभर वाळत घातलेल्या चादरींच्या बाजूला खुर्ची टाकून बसत. कधी चहा पिता पिता मधेच म्हणत, "त्याला तराजू पटकन समजला असता."

"समजला असता, बाबा," ती म्हणायची.

पुढच्या थंडीत न्यूमोनियाचं निमित्त होऊन सर गेले. रजेसाठी मुकादमाला तिनं सांगितलं, "वडील गेले." शेजारी चादरींच्या घड्या घालणाऱ्या बायकांना माहीत होतं, की तिचे वडील ती लहान असतानाच वारले होते. तरी एकीनं तिच्या हातातली ओली चादर काढून घेतली आणि म्हणाली, "जा तू. इथलं मी बघते."